बाबांच्या फोटोखालची बातमी

माझे वडील गेल्याची बातमी मला सकाळी पावणेदहाच्या सुमारास कळली. मी चरोद्याच्या घरी आईसाठी मुगाची खिचडी लावत होते. फोन नागपूरच्या मामेभावाचा होता.

"ताई," तो म्हणाला, "कवा झालं? आमाले कोनी सांगतलं बी नाही."

"काय कवा झालं?"

तो आवाज खाली आणून म्हणाला, "तुले मालूम नाही का? थांब, पाठवतो. मले बी कोनीतरी पाठवलं. पाय तू."

कुकरचं झाकण हातात धरूनच मी व्हिडिओ उघडला. आमच्या छत्तीसगढातल्या भिलाईत मोबाइलवर चालणारी दोन-चार न्यूज चॅनलं आहेत, त्यातलं हे एक. एक माणूस, एक माइक आणि खाली पळणारी लाल पट्टी. पट्टीवर हिंदीत लिहिलं होतं की चरोद्याचे सेवानिवृत्त रेलकर्मी कोरोनाशी जंग हरले. पुढे बाबांचं नाव, वय सहासष्ट. आणि वर बाबांचा फोटो.

फोटो त्यांच्या रिटायरमेंटच्या दिवसाचा होता. यार्डातल्या लोकांनी गळ्यात झेंडूचा जाड हार घातलेला, बाबा थोडे लाजलेले. शेजारी आई उभी होती, तिला कापून टाकलं होतं. तिच्या बांगड्यांचा एक तुकडा तेवढा कडेला राहिला होता. तो फोटो बाबांनी स्वतःच मोबाइलच्या प्रोफाइलला लावलेला. आता त्या हाराकडे पाहून कोणालाही वाटलं असतं, की फोटो आणि हार दोन्ही याच बातमीसाठी काढून ठेवलेत.

मी ओरडले नाही. झाकण नीट ओट्यावर ठेवलं, गॅस बंद केला आणि व्हिडिओ पुन्हा पहिल्यापासून पाहिला. हे खोटं असेल असं मला एकदाही वाटलं नाही. आज इतक्या वर्षांनी मागे वळून पाहताना सगळ्यात जास्त हादरा मला त्याचाच बसतो. मी शाळेत शिकवते. त्याच आठवड्यात ऑनलाइन वर्गात मुलांना सांगितलं होतं, फोनवर आलेली प्रत्येक गोष्ट खरी मानू नका. आणि स्वतःच्या बापाचं मरण मी एका लाल पट्टीवरून मान्य केलं.

पण त्याआधी वर्षभर आमच्या घरात जे चाललं होतं तेही सांगायला हवं. पहिल्या वर्षी कोरोनाची बातमी फार लांबची होती. टीव्हीवर जगाचा नकाशा यायचा, त्यावर लाल ठिपके फुगत जायचे. कुठल्या कुठल्या देशांतल्या रिकाम्या रस्त्यांची चित्रं यायची. बाबा खुर्ची पुढे ओढून ते सगळं पाहत. वॅगन दुरुस्तीत उभी हयात गेलेला माणूस, परदेश म्हणजे त्यांना बातमीतूनच माहीत. "पाय, तिकडं लोकं गॅलरीत उभं राहून गाणं म्हणून राहिले," असं आईला हाक मारून सांगायचे. रोज आकडे यायचे. आकड्यांना आवाज होता, मागे ढोलासारखं संगीत होतं. हळूहळू बाबा आकडा ऐकत आणि जेवायला बसत. तीही एक सवय झाली.

मग दुसरी लाट आली, आणि आमचा दुर्ग जिल्हाच टीव्हीवर आला. तोवर कुणी आमचं नाव दिल्लीच्या चॅनलवर ऐकलं नव्हतं. शेजारचे बोलवायला आले, "दुर्ग दिखा रहे हैं!" क्षणभर सगळ्यांना, सांगायला लाज वाटते, थोडं कौतुकच वाटलं. मग स्क्रीनवर आमच्याच रस्त्यावरून जाणाऱ्या अँब्युलन्स दिसल्या आणि कोणीतरी टीव्ही बंद केला.

पुढच्याच आठवड्यात बाबांना ताप आला. चौथ्या दिवशी ऑक्सिजन खाली गेला आणि दुर्गच्या एका दवाखान्यात मोठ्या मुश्किलीनं बेड मिळाला. दवाखान्याचं नाव मी घेत नाही. तिथली माणसं कशा अवस्थेत काम करत होती ते मी पाहिलंय. मी दुर्गच्याच पद्मनाभपुरातलं माझं घर नवऱ्यावर सोपवून आईजवळ राहायला आले. आमच्या दोघींचे रिपोर्ट निगेटिव्ह होते, तरी फाटकावर क्वारंटाइनचा कागद चिकटवला होता. बाबांचा फोन दोन दिवस लागला, तिसऱ्या दिवशी बंद. हेल्पलाइनला कोणी उचलत नव्हतं. अशा वेळी तो व्हिडिओ आला.

मी स्वयंपाकघरातून बाहेर आले तेव्हा आई खाटेवर बसून लसूण सोलत होती. तिनं माझ्याकडे पाहिलं आणि हात थांबवला.

"का झालं?"

मी फोन तिच्या समोर धरला. तिला वाचता येत नाही, पण फोटो ओळखला. तेवढ्यात फाटकाबाहेर शेजारची काकू पदराला डोळे लावून उभी राहिली. जवळ यायची हिंमत नाही आणि जाववतही नाही, अशी.

आईनं काकूकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "तुले दवाखान्यातून फोन आला का?"

"नाही."

"मंग कोन सांगतलं?"

"बातमी आहे आई. हे पाहा, नाव आहे, वय..."

"त्या टीवीवाल्यानं त्याईले पायलं का आपल्या डोयानं?" आई म्हणाली. "माया मनाले नाही पटत. तू जा. पाहून ये. तवरिक मी कुंकू पुसनार नाही, का रडनार नाही."

आमचं बौद्ध कुटुंब. कुंकू ती तशीही रोज लावत नाही, पण त्या वेळी तिच्या तोंडून तेच आलं.

मी स्कूटर काढली. बाहेर पडायची बंदी होती. पुलाजवळ पोलिसानं हात केला. मी मास्कमधून एवढंच म्हणाले, "पापा एडमिट हैं," आणि त्यानं हात खाली केला. चरोद्यापासून दुर्गपर्यंतचा तो रस्ता एरवी कधी रिकामा नसतो. त्या दिवशी मधोमध कुत्री झोपली होती. सारखा फोन वाजत होता. एका सिग्नलला मी पाहिलं, तर हात जोडलेल्या चिन्हांची रांग. "भावपूर्ण आदरांजली." "जय भीम, अंकल." बाबांच्या जुन्या साहेबांनी तर चार ओळींचा इंग्रजी मजकूर पाठवला होता. माणूस मेला की नाही हे विचारायला एकही फोन नव्हता. सगळ्यांना ठाऊकच होतं.

दवाखान्याच्या फाटकावर पन्नासएक माणसं असतील. खिडकीच्या आत पांढऱ्या पोशाखात गुंडाळलेली एक बाई रजिस्टर घेऊन बसली होती. चेहरा दिसत नव्हता, फक्त चष्मा, तोही वाफेनं धुरकटलेला. मी बाबांचं नाव सांगितलं. तिनं पानं उलटली, थांबली, पुन्हा मागे गेली.

"इस नाम के तो दो हैं," ती म्हणाली. "दोनों रेलवे से रिटायर. आपके कौन से?"

मला प्रश्नच कळला नाही. मी पुन्हा नाव सांगितलं, आडनावासकट, चरोदा सांगितलं. तिनं बोट एका ओळीवर ठेवलं.

"चरोदा... ये ऊपर वार्ड में हैं. कल से थोड़ा ठीक हैं. फोन की बैटरी गई होगी."

मी बहुतेक खिडकीचे गज धरले असावेत, कारण ती म्हणाली, "मैडम, छूइए मत." मग काय वाटलं कोण जाणे, तिनं आतल्या कोणाला तरी हाक मारली, आणि दहा मिनिटांनी माझ्या फोनवर एका अनोळखी नंबरवरून व्हिडिओ कॉल आला. एका नर्सनं फोन धरला होता. बाबांच्या तोंडावर मास्क, दाढी वाढलेली, डोळे खोल गेलेले. त्यांनी मला पाहून हात थोडा वर केला.

"कावून आली उनात?" मास्कच्या आतून ते म्हणाले. "मायले एकटी सोडून?"

मी हसले. तिथे त्या गर्दीत, लोकांचे चेहरे पडलेले असताना, मी मोठ्यानं हसले. मग आईला फोन लावला. "आई, ते ठीक आहेत! मी बोलले! ते दुसरे होते, दुसरे!"

आईनं खूप मोठा श्वास सोडला. मग म्हणाली, "दुसरा बी कोनाचा असंनच ना, बाई."

मी खिडकीकडे वळले. ती बाई मलाच बोलवत होती.

"आप उन दूसरे वाले को जानती हैं क्या? सुबह पांच बजे खतम हुए. घर का नंबर लग ही नहीं रहा, लगता है लिखने में गलती है. पता कुरुद का है, तालाब के पास."

मी नाही म्हणाले. मग कळायला लागलं. सकाळपासून जे सगळे संदेश आमच्या फोनवर येत होते ते खरं तर त्या माणसासाठीचे होते. त्याच्यासाठी कोणी हात जोडत नव्हतं, कारण त्याच्या घरी अजून काही माहीतच नव्हतं.

मी व्हिडिओच्या खाली दिलेला नंबर लावला. "खबर देने के लिए संपर्क करें," असं लिहिलेला. त्या पत्रकारानं लगेच उचलला. मी कोण ते सांगितल्यावर तो म्हणाला, "दीदी, बहुत दुख हुआ. अंकल को मैं बचपन से..."

"वो ज़िंदा हैं," मी म्हणाले.

मी कुठे उभी आहे ते त्यानं विचारून घेतलं. मग, "मैं आ रहा हूं."

तो वीस मिनिटांत मोटरसायकलवर आला. चाळिशीचा, पोट सुटलेला, गळ्यात ओळखपत्र. तोंड पाहून मी ओळखलं. हा पूर्वी आमच्या कॉलनीत पेपर टाकायचा. बाबा त्याच्याशी फाटकात उभं राहून हेडलाइनवर वाद घालायचे.

"लिस्ट में नाम देखा," तो म्हणाला. "सरनेम आधा ही लिखा था. रिटायर्ड रेलवे. मुझे अंकल ही याद आए दीदी, और कोई आया ही नहीं. मैं सच में रोया. फिर फोटो ढूंढी..." मग त्याला एकदम सुचलं, "मैं अभी लाइव करता हूं. 'ज़िंदा हैं अंकल.' आप दो शब्द बोल दीजिए, यहीं गेट पर." त्यानं माइक बाहेर काढलासुद्धा.

मला त्याच्यावर ओरडायचं होतं. पण त्याच्या डोळ्यांत खरंच पाणी होतं आणि हातात माइक होता, आणि हे दोन्ही त्याच्यात एकत्र कसं राहतं तेच मला कळेना. मी म्हणाले, "माइक ठेवा. आधी माझ्याबरोबर कुरुदला चला."

कुरुद आता गाव राहिलेलं नाही. चारी बाजूंनी नवीन प्लॉट पडलेत, पण तलावाकाठची जुनी घरं अजून मातीची आहेत. दोघा-तिघांना विचारत आम्ही पोचलो. अंगणात एक म्हातारी बाई चिंचा फोडत बसली होती, चिंचोके एका बाजूला, गर एका बाजूला. शेजारी तिची सून. आम्ही लांबच उभे राहिलो. पत्रकाराचं ओळखपत्र पाहून सून उठली.

मला छत्तीसगढी येते, शाळेतल्या मुलांमुळे. पण सुरुवात कशी करायची ते सुचेना. मी म्हणाले की आम्ही दवाखान्यातून आलोय, तुमच्या सासऱ्यांबद्दल.

सुनेच्या चेहऱ्यावर भीती नव्हती. उलट ती हसली. आपला फोन पुढे करून म्हणाली, "बिहनिया देखे रहेन दीदी. नाव उही रिहिस, फेर फोटू दूसर के रिहिस. हमन भगवान ला हाथ जोड़ेन."

तिनं सकाळी तो व्हिडिओ पाहिला होता. नाव ऐकून सासू-सुनेचं काळीज थांबलं होतं. मग फोटो आला, माझ्या बाबांचा, आणि दोघींनी देवाला हात जोडले, की आपला नाही, दुसऱ्या कोणाचा तरी आहे. त्यानंतर त्या निर्धास्त होऊन चिंचा फोडायला बसल्या होत्या. सकाळपासून दुपारपर्यंत.

माझ्या शेजारी पत्रकार मटकन खाली बसला. उन्हानं तापलेल्या मातीत, तसाच. त्याच्याकडून काही होणार नव्हतं. मी सांगितलं. नाव बरोबर होतं, फोटो चुकला होता, पहाटे पाच वाजता. नीट वाक्यं झाली नाहीत, पण समजायला पुरेशी होती.

सून ओरडली आणि घरात पळाली. म्हातारी मात्र हललीच नाही. तिच्या हातात अर्धी फोडलेली चिंच तशीच होती. मग तिनं मला विचारलं,

"त फोटू वाला कोन ए?"

"मोर ददा ए," मी म्हणाले. माझे वडील.

ती माझ्याकडे पाहत राहिली. मी मनाची तयारी केली होती, शिव्या दे, माती उचलून मार. ती म्हणाली, "ओ बने हे न?"

ते बरे आहेत ना? त्या क्षणी तिनं मला हे विचारलं. मी फक्त मान हलवली. त्यानंतर मला तिथे उभं राहता आलं नाही. मी भिंतीच्या आड जाऊन रडले. सकाळपासून पहिल्यांदा.

म्हातारीचा मुलगा ट्रक चालवायचा, तो छत्तीसगढमधल्याच रायगढच्या बाजूला अडकला होता. लॉकडाऊनमध्ये दुसऱ्या दिवसाशिवाय पोचणं शक्य नव्हतं, आणि तितका वेळ कोणी थांबणार नव्हतं. शेवटी सून म्हणाली, मी येते. पत्रकारानं तिला मोटरसायकलवर बसवलं, मी मागून स्कूटरवर. मुक्तिधाम स्मशानात आम्हाला दोरीच्या अलीकडे उभं केलं. तिथल्या माणसांनी सगळं केलं. प्लास्टिकमध्ये गुंडाळलेला चेहरा सुनेला लांबूनच दाखवला. ती मला म्हणाली, "हौ, एही ए." होय, हेच. त्या दिवशी त्या माणसाला ओळखणारी ती एकटीच होती.

भिंतीवर चढून दोन-तीन कॅमेरेवाले फोटो काढत होते. आमच्याबरोबरचा पत्रकार त्यांच्याकडे गेला, हात जोडून काहीतरी म्हणाला. ते त्याला हसले. तो परत आला आणि दोरीजवळ उभा राहिला. त्याचा स्वतःचा फोन त्यानं दवाखान्यातून निघाल्यापासून खिशातून काढला नव्हता.

दुसऱ्या दिवशी एका पेपरात पहिल्या पानावर तो फोटो होता. धूर, एका रांगेत चिता, आणि खालच्या कोपऱ्यात आमच्या दोघींच्या पाठी. खाली लिहिलं होतं, "बिलखते परिजन." आम्ही दोघी आक्रोश करत नव्हतो, नुसत्या उभ्या होतो. आणि मी त्यांची नातेवाईक नव्हते. पण त्या चुकीबद्दल मी कोणाला फोन केला नाही.

त्या चॅनलनं संध्याकाळी दुरुस्ती दिली. दोन ओळी, पुन्हा बाबांचाच फोटो. ती कोणी कोणाला पाठवली नाही. सकाळची बातमी मात्र फिरतच राहिली. बाबा पंधरा दिवसांनी घरी आले, तरी अमरावतीहून, बल्लारशाहून सांत्वनाचे फोन यायचे आणि तेच उचलायचे. "हाव, मीच बोलून राहिलो," असं म्हणायचे. एक जुना मित्र घाबरून फोनच कापून बसला. आम्ही हसायचो. बाबा हसत नसत.

मी त्यांना सगळं सांगितलं, कुरुदचंही. त्यांनी व्हिडिओ मागितला, चष्मा लावून शेवटपर्यंत पाहिला. म्हणाले, "माया फोटो लावला, अन् माया तोंडानं त्या घरच्याईले दोन पहर फसवलं." मी म्हटलं, बाबा, तुमची काय चूक. ते म्हणाले, "चूक नाही म्हनत. पण चेहरा तं मायाच होता ना."

पत्रकाराला त्यांनी घरी बोलावलं. तो येत नव्हता, तिसऱ्यांदा फोन केल्यावर आला आणि व्हरांड्यातच उभा राहिला. बाबा त्याला रागावले नाहीत. "उस आदमी की खबर दे," एवढंच म्हणाले. "उसका फोटो लगा के. पूरा नाम लिख के." पत्रकार म्हणाला, अंकल, आता महिना झाला, ही बातमी राहिली नाही. बाबा म्हणाले, "तेरे लिए नहीं रही." नंतर त्यानं ती बातमी दिली. फोटो रेल्वेच्या जुन्या पासावरचा मिळाला, छोटा, काळा-पांढरा. तीस वर्षं रुळांच्या देखभालीवर काम केलेला माणूस, कुरुदचा, तलावाजवळचा. फार जणांनी ती पाहिली नाही. बघणाऱ्यांच्या आकड्याकडे बाबांनीही लक्ष दिलं नाही.

पावसाळा संपत आला तेव्हा बाबांना थोडं चालता येऊ लागलं होतं. एका रविवारी ते म्हणाले, मला कुरुदला घेऊन चल. मी नको म्हणत होते. त्या बाईला हा चेहरा पुन्हा कशाला दाखवायचा? पण ते ऐकेनात.

म्हातारीनं त्यांना पाहिलं आणि खाट पुढे सरकवली. दोघं बोलायला लागले. तिची छत्तीसगढी, यांची मोडकी हिंदी. तिचा नवरा रूळ सांभाळणाऱ्या कुठल्या गँगमध्ये होता, कुठल्या गेटपासून कुठल्या गेटपर्यंत रूळ तपासत चालायचा, हे बाबा एकेक विचारत होते. चरोदा यार्डाच्या बाहेरच्या लाइनवर तो सात-आठ वर्षं होता असं निघालं. बाबा म्हणाले, मग मी त्याला नक्की पाहिलं असेल, शेकडो वेळा, पण ओळख नव्हती. ती म्हणाली, तो कमीच बोलायचा, पण ड्युटीवरून येताना कायम काहीतरी खिशातून काढायचा, बोरं, तेंदूची फळं, एकदा तर तितराचं पिल्लू. ही माहिती कुठल्याही बातमीत नव्हती. बाबा पुढे वाकून ऐकत होते.

सुनेनं काळा चहा आणला. मी घड्याळ पाहिलं, आई वाट पाहत असणार होती. पण म्हातारी आता बाबांना विचारत होती, की तुमच्या घरी कोण कोण आहे, आणि बाबा एकेकाचं नाव घेऊन सांगत होते.